साहेब आत आहेत

“दाजी, साहेबांची सर्दी कशी आहे आज?”

तुकोजी लांभाते मिलच्या गेटातून आत शिरत होता. उचललेलं पाऊल हवेतच राहिलं. साहेबांना सर्दी झाल्याची बातमी काल त्यानेच दिली होती आणि घरी जाऊन जेवेपर्यंत तो ती साफ विसरून गेला होता.

“सर्दी ना? आहे थोडी. सकाळी शिंकत होते.”

“सकाळी?” युनियनच्या मंडपातून अप्पासाहेबांनी चष्म्यावरून पाहिलं. “तू तर आत्ता येतोयस.”

“म्हणजे काल सकाळी.”

“काल तर म्हणालास दुपारी झाली.”

मे महिन्याच्या उन्हात तुकोजीला थंडी वाजली. गेटसमोर दोनशे माणसं बसलेली. त्यातल्या प्रत्येकाचे कान आपल्याकडे टवकारलेत असं त्याला वाटलं. तेवढ्यात सर्दीची चौकशी करणारा त्याचा मेहुणा हरीच गादीवरून म्हणाला, “जाऊ द्या ना अप्पासाहेब. इतक्या उन्हात माणसाला काल-आज काय कळतंय! दाजींचं डोकं पूरा तापलंय.”

हरीच्या उपोषणाचा आज तिसरा दिवस होता. माणसं हसली आणि तुकोजी सुटला. पण अप्पासाहेबांनी हाक मारून त्याच्या हातात स्टीलचा डबा दिला. “काढा आहे. आलं, तुळस, काळी मिरी. साहेबांना दे. भांडण आपल्या जागी, आजारी माणूस आपल्या जागी. बरा झाला की भांडू.”

डबा घेऊन तुकोजी ऑफिसात गेला, आतून कडी लावली आणि दाराला पाठ टेकून खाली बसला. समोर साहेबांचं टेबल होतं, त्यामागे साहेबांची खुर्ची. खुर्चीत कोणीही नव्हतं. सहा दिवस कोणीही नव्हतं.

काढा झरोक्यातून ओतावा तर गेटवरून दिसणार. तसाच परत न्यावा तर अप्पासाहेब विचारणार. तुकोजीने नाक दाबून सगळा काढा पिऊन टाकला, डबा धोतराने पुसला, उठला आणि बादली भरून खिडकीला लावलेल्या वाळ्याच्या तट्टीवर सपकन पाणी मारलं.

वाळ्याचा वास सुटला. पश्चिमेचा गरम वारा तट्टीतून गार होऊन आत आला, रिकाम्या खुर्चीवरून फिरला, पूर्वेच्या झरोक्यातून बाहेर पडला आणि सरळ गेटवर उतरला.

गेटवरून कुणीतरी समाधानाने म्हणालं, “साहेब आत आहेत.”

*

हे सालच मोठं विचित्र होतं. गेल्या वर्षी दिल्लीत देशाची दारं परदेशी मालाला उघडली म्हणे, आणि आपल्या इंदूरात एकेका मिलची बंद होत होती. तुकोजीच्या मिलच्या गेटवर मे महिन्यात एका सकाळी कागद चिकटला, ‘पुढील सूचनेपर्यंत काम बंद’. पण कागदावर विश्वास ठेवायची त्या मिलमध्ये रीतच नव्हती. तिथे नाकावर विश्वास ठेवायचे.

मिल बांधली तेव्हापासून साहेबाच्या खिडकीला उन्हाळ्यात वाळ्याची तट्टी लागे. साहेब आला की तट्टीवर पाणी पडायचं, साहेब गेला की बंद. अर्ध्या तासात तट्टी खडखडीत. त्यामुळे रजेचा अर्ज घेऊन आलेला कामगार ऑफिसपर्यंत जातच नसे. गेटवर उभा राहून नाक वर करी आणि वास नसला तर तिथूनच माघारी फिरे. असं सांगतात की मागावरचा एक आंधळा म्हातारा वासावरून साहेब खुश आहे की चिडलाय तेही ओळखायचा. खोटं असेल, पण त्याची रजा कधी नामंजूर झाली नाही हे खरं.

या तट्टीचा धनी तुकोजी. एकोणतीस वर्षं. त्याचे पूर्वज होळकरांच्या फौजेत भाले घेऊन लढले होते आणि हा बादली घेऊन लढत होता. मिलमध्ये निम्मी माणसं हिंदी बोलणारी. ती वाळ्याला खस आणि तट्टीला टट्टी म्हणत, आणि हिंदीत टट्टीचा दुसरा अर्थ काय ते सांगायला नको. मुलीच्या सोयरिकीत पाहुण्यांनी विचारलं, वडील काय करतात? कुणीतरी भाबडेपणाने सांगितलं, “साहब की टट्टी सँभालते हैं.” पाहुणे पोहे अर्धे टाकून उठले. त्यानंतर अप्पासाहेबांनी भांडून त्याच्या कार्डावर ‘कूलिंग अटेंडंट’ लिहून घेतलं होतं.

वाळा म्हणजे गवत, आणि तट्टी विणायची त्याच्या वासाच्या मुळ्यांची. साधं, झुबक्याने वाढणारं, माणसाच्या डोक्याएवढं उंच. तुकोजी ते दरवर्षी शिवरात्रीनंतर सांवेर गावाकडून आणायचा, गंगूबाईच्या शेतातून. गंगूबाईच्या उताराच्या जमिनीला बांध नव्हता, वाळ्याच्या रांगा होत्या. पाऊस कितीही धुवाधार पडो, तिची काळी माती जागची हलायची नाही. शेजाऱ्यांची मात्र वाहून नाल्यात जायची. पाती छपरावर, काड्यांचे झाडू, कोवळं असताना गुरांना, मुळ्यांची जुडी माठात. वैशाखात सगळा माळ भाजून निघाला तरी ठोंब तळाशी हिरवे.

“तीनातला एक ठोंब खण,” म्हातारी दरवर्षी बजावायची. “दोन ठेव. मूळ गेलं की गवत गेलं, गवत गेलं की माती गेली, मग तुझ्या साहेबाला काय माझं हाड लावशील खिडकीला?”

मुळ्या किती खोल जातात याचीही तिच्याकडे गोष्ट होती. एका दुष्काळात तिच्या सासऱ्याने एक मूळ धरून खणायला सुरुवात केली. पहिल्या दिवशी कमरेएवढं, दुसऱ्या दिवशी पुरुषभर. चौथ्या दिवशी वैतागून त्याने मुळाला हिसका दिला तर तिकडे देवासच्या विहिरीत पाणी भरणाऱ्या बाईची कळशी हलली. “घाबरट गवत आहे ते,” गंगूबाई म्हणायची. “वर सुकलं की भिऊन खाली पळतं. जितकी भीती, तितकं खोल.”

तुकोजीला हे पटायचं. तोही घाबरटच होता. शिट्टी वाजली की दचकायचा, फोन वाजला की उभा राहायचा, आणि साहेबाने नुसतं नाव घेतलं तरी आपलं काहीतरी चुकलंय असं धरून चालायचा.

म्हणूनच ज्या दिवशी कागद चिकटला, त्या पहाटे मालकांच्या पुतण्याने, म्हणजे मॅनेजर जयेशजींनी त्याला बोलावलं, तेव्हा त्याने काहीही विचारलं नाही. आताचे साहेब ते हेच. जयेशजी बत्तीस वर्षांचे, बाहेरून शिकून आलेले. हातात एक सूटकेस.

“तुकोजी, हम दो दिन बाहर जा रहे हैं. खस सूखनी नहीं चाहिए. दस से छह. समझे?”

“जी साहेब.”

“और किसी से कुछ कहना नहीं. आपका क्वार्टर आपके पास रहेगा.” मग दारात वळून, अगदी गोड आवाजात, “वरना देख लीजिए.”

काय देखायचं ते ते बोलले नाहीत. म्हणूनच तुकोजीला सगळंच दिसू लागलं.

दोनाचे चार दिवस झाले, चाराचे सहा. गेटवर मंडप पडला. साहेब घेरावाच्या भीतीने ऑफिसातच जेवतात-झोपतात, असं तुकोजीने गेटवर सांगून ठेवलं होतं. मागणी एकच होती, साहेबांनी बाहेर येऊन मिल कधी सुरू होणार ते सांगावं आणि मशिनं हलवणार नाही असा शब्द द्यावा. शेजारच्या मिलची मशिनं अशीच भंगारात गेली होती. “या गेटातून एक बोल्ट बाहेर जाणार नाही,” अप्पासाहेब माइकवरून गर्जायचे. रोज एक निवेदन लिहायचे आणि तुकोजीच्या हाती द्यायचे. तुकोजी ते साहेबांच्या टेबलावर ठेवायचा. काचेच्या गोळ्याखाली निवेदनांची चळत वाढत होती, आणि पंख्याखाली त्यांचे कोपरे फडफडले की कुणी कुजबुजतंय असं वाटून तुकोजी दचकायचा.

*

आठव्या दिवशी नळाला पाणी येईना. टाकी बघायला तुकोजी ऑफिसच्या गच्चीवर चढला आणि तिथून आठ दिवसांत पहिल्यांदा त्याला मिलची मागची बाजू दिसली.

मागे रेल्वे सायडिंगचं, म्हणजे मालगाडीच्या रुळांचं फाटक होतं. वीस वर्षं गंजून बंद. ते आज सताड उघडं होतं. तीन ट्रक उभे होते. लू, ते उन्हाळी गरम वारं, घोंगावत होती, गेटवर लाउडस्पीकर ओरडत होता, त्यामुळे इकडचा आवाज तिकडे पोचत नव्हता. चौथा ट्रक हलत होता आणि त्यावर लूम, मिलचे माग, लादलेले होते. शेवटच्या लूमवर झेंडूची माळ होती, सुकून काळी पडलेली. दसऱ्याला हरीने बांधलेली. हरीचाच लूम, दोनशे चौदा नंबर. हरी म्हणायचा, पुढच्या दसऱ्याला नवी बांधीन तेव्हाच ही काढीन.

ट्रकजवळचा एक अनोळखी पहारेकरी वर बघत होता. त्याने तुकोजीला पाहिलं. ओरडला नाही, धावला नाही. त्याने आपल्या ओठांवर बोट ठेवलं. मग तेच बोट उचलून मिलच्या क्वार्टरांकडे दाखवलं. तिसरी ओळ, शेवटचं घर. अगदी बरोबर.

तुकोजी गच्चीवरून कसा उतरला ते त्याला आठवत नव्हतं. भानावर आला तेव्हा नळ पुन्हा सुरू झाला होता आणि तो तट्टीवर पाणी मारत होता.

दुपारी जेवायला घरी गेला, पण घास उतरेना. त्याच्या बायकोने, सरलाने ताट बाजूला सरकवलं. “अहो, काय झालंय? कालपासून बघतेय, कप ठेवला तरी दचकताय.”

त्याने सांगितलं. आठ दिवसांचं सगळं सांगितलं. बोलताना खिडकी लावून घेतली.

सरलाने ताटावर झाकण ठेवलं. मग म्हणाली, “म्हणजे माझा भाऊ रिकाम्या खुर्चीसमोर उपाशी बसलाय.”

“हळू बोल.”

“आणि तुम्ही त्या खुर्चीला पाणी घालताय.”

“सरला, क्वार्टर जाईल. तो माणूस घर दाखवत होता आपलं. बोटाने!”

तिने नकळत दाराची कडी चाचपली. “मी जाऊन सांगू का गेटवर?”

“नको! विचारतील, कधीपासून? आठ दिवस मी त्यांना शिंका आणि चहा सांगतोय. फाडून खातील मला.”

“मग सांगू नका,” सरला म्हणाली. “बोलायचंच कशाला? नुसतं पाणी मारू नका. वाळा आहे तो. वाळेल.”

*

दुसऱ्या दिवशी दोन वाजता तुकोजीने बादली पालथी घातली आणि तिच्यावर बसला. हात मांड्यांखाली दाबून ठेवले, कारण ते आपोआप नळाकडे जात होते.

दहा मिनिटांत तट्टीतून पडणारे थेंब थांबले. पंधरा मिनिटांत वास पातळ झाला. वीस मिनिटांनी नुसता धुळीचा आणि जुन्या गवताचा वास उरला आणि वारा गरम येऊ लागला. पहिल्यांदा गेटवरचा लाउडस्पीकर बंद झाला. मग बोलणं थांबलं. दोनशे माणसं नाक वर करून गप्प बसलीत, हे तुकोजीला न बघता दिसत होतं.

“वास गेला भिया.”

“जेवायला गेले असतील.”

“जेवतात तर आतच ना? मग गेले कुठे?”

“अरे चालले! साहेब पळून चालले!”

लोखंडी गेट धडधडायला लागलं. तुकोजीच्या मनात आलं, आता ही माणसं मागे धावतील, ट्रक बघतील, झालं, सुटलो. तो श्वास रोखून बसला. फक्त एक मिनिट आणखी.

तेवढ्यात कुणीतरी ओरडलं, “तुकोजीला धरा! त्याला ठाऊक असणार! तुकोजीला काढा बाहेर!”

नाव ऐकलं मात्र, बादली कधी सुलटी झाली, नळ कधी सुटला, कळलंच नाही. एक बादली, दोन, तीन. तट्टी चिंब झाली, साहेबांचा गालिचा चिंब झाला, निवेदनांवर शिंतोडे उडाले. वास भपकन बाहेर गेला.

गेट शांत झालं. मग अप्पासाहेबांचा माइकवरचा आवाज आला, “शांत व्हा, शांत व्हा. साहेब आत आहेत.” आणि माणसांनी चक्क टाळ्या वाजवल्या. सुटकेच्या टाळ्या. ज्याच्या नावाने ते शंख करत होते तो अजून आहे, म्हणून.

त्या टाळ्या ऐकून तुकोजीला जेवढी भीती वाटली, तेवढी आयुष्यात कशाची वाटली नव्हती.

*

अकराव्या दिवशी तो गेटवर आला तेव्हा हरीने सर्दीचं विचारलं नाही. तो गादीवर आडवा होता. ओठ पांढरे, डोळे खोल गेलेले. पलासिया भागातून आलेला डॉक्टर अप्पासाहेबांना बाजूला घेऊन सांगत होता, ग्लुकोज आत्ता लावायला हवं, नाहीतर संध्याकाळनंतर मी जबाबदार नाही. हरी नको म्हणत होता. साहेब बाहेर आल्यावर, म्हणत होता.

तुकोजी त्याच्याशेजारी उकिडवा बसला. हरीने त्याचा हात ओढून नाकाशी नेला.

“भारी वास येतो तुमच्या हाताला दाजी.” आवाज कागदासारखा फरफरत होता. “साहेब येतील ना आज? तुम्ही बघताय ना त्यांना रोज. चेहऱ्यावरून काय वाटतं?”

“येतील,” तुकोजी म्हणाला. जिभेला सवयच लागली होती.

“बस. मग ठीक आहे. तोवर टिकतो मी.”

तुकोजी उठला, आत गेला, कडी लावली आणि बादली भरली. तट्टीवर पाणी मारायला हात मागे नेला आणि तसाच राहिला. भीती गेली नव्हती. फक्त आता ती दुसरीकडून येत होती. पहारेकऱ्याच्या बोटाकडून नव्हे, त्या ‘टिकतो मी’ कडून.

त्याने बादली खाली ठेवली, स्टुलावर चढला आणि विळ्याने तट्टीच्या सुतळ्या कापल्या.

ओली तट्टी, सहा फूट बाय चार. एरवी ती उतरवायला चार माणसं लागत आणि पाचवा शिव्या द्यायला. तुकोजीने ती एकट्याने छातीशी धरून उचलली. समोरून बघणाऱ्यांना माणूस दिसतच नव्हता. वाळ्याची एक भिंत दोन पायांवर थरथरत गेटाकडे येत होती आणि मागे पाण्याची रेघ उमटत होती.

“काय भिया, साहेबांनी नवी मागवली का?” कुणीतरी विचारलं. थोडे हसले.

तुकोजीने तट्टी हरीच्या पश्चिमेला मंडपाच्या बांबूला टेकवली. गार वारा हरीच्या अंगावरून गेला. त्याने डोळे मिटले.

“अरे, साहेबांच्या खिडकीची काढलीस?” अप्पासाहेब पुढे आले. “उकडेल ना त्यांना आत.”

“साहेब नाहीत.”

“कुठे गेले?”

“नाहीतच.” तुकोजीचा आवाज इतका बारीक निघाला की पुढच्या रांगेलाच ऐकू गेला. “पहिल्या दिवसापासून नाहीत. आत कोणी नाही. मी नुसतं पाणी मारत होतो. मागच्या फाटकातून लूम गेले. रोज जातायत.”

पहिल्या रांगेने दुसरीला सांगितलं, दुसरीने तिसरीला. शांतता मागे मागे सरकत गेली. मग एक चप्पल भिरभिरत आली आणि तट्टीवर आपटली. एकाने तुकोजीची कॉलर धरली, हात उगारला, पण कुणीतरी “सायडिंग! सायडिंगकडे चला!” असं ओरडलं आणि उगारलेल्या हातासकट तो माणूस पळत सुटला. दोनशे माणसं भिंतीच्या कडेने धावली. धुळीचा लोट उठला आणि मंडप रिकामा झाला. डॉक्टर बाटली टांगायच्या खटपटीला लागला. आता हरी नाही म्हणाला नाही.

अप्पासाहेबांना धावता येत नव्हतं. त्यांनी चष्मा काढून पुसला.

“भ्यालास?”

“हो.”

“आम्हाला?”

“सगळ्यांना.”

अप्पासाहेबांनी मान हलवली. होय म्हणून की नाही म्हणून, ते कळलं नाही. काठी टेकत तेही भिंतीच्या कडेने निघाले.

तुकोजीने मंडपातल्या माठातून तांब्या भरून तट्टीवर शिंपडला. अर्धं पाणी तट्टीवर, अर्धं त्याच्याच पायांवर. हरीने डोळे उघडले, तुकोजीकडे पाहिलं. मग हळूहळू, सुईचा हात सांभाळत, त्याने कूस बदलली आणि तट्टीकडे पाठ केली.

तुकोजीने तांब्या खाली ठेवला. मग त्याने तट्टी उचलली, गादीला वळसा घातला आणि ती दुसऱ्या बाजूला, हरीच्या तोंडासमोर आणून लावली. तिकडे टेकायला बांबू नव्हता म्हणून स्वतःच मागे उभा राहून दोन्ही हातांनी धरली. वारा पश्चिमेचा होता. पूर्वेला लावलेल्या तट्टीतून गारवा येत नाही, नुसता वास येतो, हे इंदूरात त्याच्याइतकं कुणालाच ठाऊक नव्हतं, पण हरीच्या पाठीमागे उभं राहणं त्याला जमेना.

आणखी एकदा कूस बदलण्याची ताकद हरीत उरली नव्हती. तुकोजी तट्टी धरून उभा राहिला.